विचारलं कुणाला? : 'प्रोरोग' या क्रियापदावरून एक वाद

इंग्रजीत 'प्रोरोग' नावाचं एक क्रियापद आहे. रोजच्या बोलण्यात ते कुणी वापरत नाही. संसद, विधिमंडळ आणि स्पर्धा परीक्षांची पुस्तकं सोडली तर आता त्याला कुठे थारा नाही. सभागृहाचं चालू अधिवेशन संपवायचं, पण सभागृह विसर्जित करायचं नाही, असा त्याचा अर्थ. आपली वृत्तपत्रं 'अधिवेशन संस्थगित झाले' असं छापतात, संविधानाच्या मराठी पाठात 'सत्रसमाप्ती' आहे. या एका शब्दावरून एका मामा-भाचीची चांगलीच जुंपली. मामांनी जन्मभर इंग्रजी शिकवलं आणि निवृत्तीनंतर ते लॅटिनच्या नादी लागले. शब्दाचं मूळ तोच त्याचा खरा अर्थ, असं त्यांचं ठाम मत. भाची उच्च न्यायालयात वकिली करते. शब्दाचा अर्थ वापरात आणि कायद्यात शोधायचा, पूर्वजांच्या वंशावळीत नाही, असं तिचं म्हणणं. दोन्ही बाजू जशा मांडल्या गेल्या तशा देतो, निवाडा शेवटी.

मामा : हा शब्द उच्चारला की मराठी कानाला शेवटचा 'रोग' तेवढा ऐकू येतो. त्या रोगाशी याचा काडीचाही संबंध नाही. लॅटिनमध्ये 'रोगारे' म्हणजे विचारणं. हे विचारणं साधंसुधं नव्हे. रोममध्ये एखाद्या अधिकाऱ्याला कायदा करून घ्यायचा असला, की तो जनसभेपुढे उभा राहून लोकांना विचारायचा, हे तुम्हाला मंजूर आहे का, तुमची तशी आज्ञा आहे का? कायद्याच्या प्रस्तावाला नावच मुळी 'रोगातिओ', म्हणजे विचारणा.

भाची : आणि लोक हात वर करून 'हो' म्हणायचे?

मामा : आधी तोंडी सांगायचे. इ. स. पूर्व १३१ मध्ये कायद्यांवरही लेखी, गुप्त मतदान सुरू झालं. मतदाराच्या हातात एक छोटी पाटी. मंजूर असेल तर त्यावर 'व्ही' हे अक्षर, म्हणजे 'उती रोगास', तू विचारतोस तसं होऊ दे. नामंजूर असेल तर 'ए', म्हणजे 'अंतिक्वो', जुनं आहे तेच राहू दे. इ. स. पूर्व ६० च्या आसपास लाँगिनस नावाच्या टांकसाळ अधिकाऱ्याने चांदीचं एक नाणं पाडलं. टोगा घातलेला एक नागरिक मतपेटीत पाटी टाकतो आहे, आणि एवढ्याशा नाण्यावरच्या त्या एवढ्याशा पाटीवरही 'व्ही' चक्क वाचता येतो. 'रोगारे' म्हणजे काय, ते त्या नाण्यावर बघून घ्यावं.

भाची : नाणं सुंदर आहे. पण त्यातून प्रोरोग कुठे निघाला?

मामा : 'प्रो' म्हणजे पुढे. लोकांना विचारून एखाद्याची मुदत पुढे नेणं म्हणजे 'प्रोरोगारे'. पब्लिलिअस फिलो नावाचा कॉन्सल, म्हणजे रोमचा सर्वोच्च निवडून आलेला अधिकारी, होता. इ. स. पूर्व ३२७ मध्ये त्याने आजच्या नेपल्सपाशी वेढा घातला. कॉन्सलपद वर्षाचं. वर्ष सरत आलं, वेढा अर्धवट. अशा वेळी सेनापती बदलला तर सगळं मुसळ केरात. तेव्हा लोकांपुढे प्रस्ताव ठेवला गेला, की पद संपलं तरी युद्ध संपेपर्यंत याने कॉन्सलच्या जागी राहून सैन्य चालवावं. अशा मुदतवाढीचं रोमच्या इतिहासातलं हे पहिलं उदाहरण मानतात. 'प्रोकॉन्सल' हे पद त्यातूनच आलं. आता तूच सांग, मुदतवाढ असा अर्थ असलेला शब्द तुम्ही अधिवेशन गुंडाळायला वापरता. उलटी गंगा झाली की नाही?

भाची : झाली. पण ती उलटी वाहायला लागूनही काही शतकं लोटली, आता तीच तिची दिशा. तुम्ही रोज वापरता ते शब्द बघा ना. संस्कृतात 'शिक्षा' म्हणजे शिकणं-शिकवणं. तुम्ही वर्गात शिक्षा करायचात तेव्हा मुलांना ज्ञानदान केल्यासारखं वाटायचं का? 'चेष्टा' म्हणजे मुळात हालचाल, प्रयत्न. मराठीत कुणी 'माझी चेष्टा करू नकोस' म्हणालं, तर तुम्ही मूळ धातू काढून बसाल? आणि आपला 'संस्थगित' घ्या. 'स्थग्' म्हणजे झाकणं. मग विधिमंडळाचं अधिवेशन झाकून ठेवलं म्हणायचं?

मामा : काही वेळा म्हणावंसं वाटतं खरं!

भाची : वाटू दे, पण अर्थ तो नाही. शिवाय अर्थ बदलला तो कुणी गंमत म्हणून बदलला नाही. लॅटिनमध्येच मुदत वाढवण्याबरोबर 'पुढे ढकलणं' असाही अर्थ आला होता. फ्रेंचमधून हा शब्द पंधराव्या शतकात इंग्रजीत उतरला, तेव्हा लांबवणं आणि पुढे ढकलणं हेच त्याचे अर्थ होते. शेक्सपिअरच्या 'रोमिओ अँड ज्यूलिएट'मध्ये हे क्रियापद येतं, तिथे संसदेचा संबंध नाही. मरण पुढे ढकलणं, लग्न पुढे ढकलणं अशा अर्थाने ते आलंय. संसदेबाबतही तेच झालं. राजा म्हणायचा, आता घरी जा, पुढची बैठक अमुक तारखेला. तारीख पुढे ढकलली की मधल्या काळात सभागृह बंद. हळूहळू लोकांच्या लक्षात राहिलं ते बंद असणं, आणि शब्दाचा अर्थच 'बंद करणं' होऊन बसला. वेस्टमिन्स्टरमध्ये आजही संसद अमुक तारखेपर्यंत प्रोरोग केली असं जाहीर करतात. ती तारीख हा जुन्या अर्थाचा उरलेला अवशेष.

मामा : म्हणजे मूळ अर्थ मेलेला नाही, हे तूच कबूल केलंस. आणि मावशीकडच्या भावंडांत तर तो धडधाकट आहे. इटलीत 'प्रोरोगा' म्हणजे आजही मुदतवाढ, कर भरायची तारीख वाढली की हाच शब्द. स्पेनमध्ये फुटबॉल सामन्याचा जादा वेळ म्हणजे 'प्रोरोगा'. २०१० च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात इनिएस्ताने ११६ व्या मिनिटाला गोल केला तो त्या प्रोरोगामध्ये. माद्रिदमध्ये हा शब्द ऐकला की खेळ सुरू राहतो, आणि लंडनमध्ये ऐकला की सभागृहाला टाळं लागतं!

भाची : यातला खरा कुठला, मामा? तिघांची आजी एक, पण घरं तीन आणि संसारही तीन. स्पॅनिश पंचाने शिट्टी वाजवली म्हणून लंडनचं सभागृह सुरू राहणार नाही.

मामा : मान्य. अर्थाचा मुद्दा क्षणभर बाजूला ठेवू. मला पोटतिडकीने सांगायचं आहे ते वेगळंच. 'रोगारे'चं सगळं गोत्र एकदा नजरेखालून घाल. लोकांना विचारून कायदा रद्द करणं, त्यातून आलं 'अ‍ॅब्रोगेट'. कायद्याचा एखादा भाग काढून घेणं, त्यातून 'डेरोगेट'. एकाच्या जागी दुसरा निवडणं, त्यातून 'सरोगेट'. प्रश्न विचारत राहणं, त्यातून 'इंटरोगेट'. आणि सगळ्यांत गमतीचा 'प्रिरोगेटिव्ह', विशेषाधिकार. रोमच्या सभेत मतदानाच्या वेळी ज्या गटाला सर्वांत आधी विचारलं जायचं, तो 'प्रेरोगातिवा'. पहिल्या वर्गातून चिठ्ठी टाकून तो ठरायचा आणि त्याचा कौल बघून बाकीचे वाहवत जायचे. म्हणजे ज्याला आधी विचारतात त्याचा मान तो प्रिरोगेटिव्ह. इंग्लंडमध्ये त्याचं काय झालं? राजाचा प्रिरोगेटिव्ह म्हणजे कुणालाही न विचारता वापरायचा अधिकार! आणि संसद प्रोरोग करणं हा त्याच प्रिरोगेटिव्हचा भाग. दोन्ही शब्दांच्या पोटात विचारणं आहे, आणि व्यवहारात विचारायचंच नाही. मला खटकतं ते हे.

भाची : खटकू दे, पण रोमकरांना फार वर चढवू नका. तुमच्या त्या प्रोरोगातिओचं, म्हणजे मुदतवाढीचं, पुढे काय झालं तेही सांगा की. लोकांना विचारायचा कंटाळा आला आणि नुसत्या सिनेटच्या ठरावाने सेनापतींच्या मुदती वाढायला लागल्या. म्हणजे न विचारण्याची खोड काही इंग्रजांनी आणली नाही, ती रोमपासूनच आहे.

मामा : हे मात्र बिनतोड बोललीस. आणि जिथे विचारणं थांबतं तिथे काय होतं, ते इंग्लंडने भोगलंय. दुसऱ्या चार्ल्सने नोव्हेंबर १६७५ मध्ये संसद प्रोरोग केली ती थेट फेब्रुवारी १६७७ पर्यंत, पंधरा महिने. शाफ्ट्सबरीचा अर्ल आणि त्याच्या सोबत्यांनी मुद्दा काढला, की दरवर्षी संसद भरलीच पाहिजे असे जुने कायदे आहेत, मग वर्षाहून लांबलेली ही प्रोरोगेशन म्हणजे विसर्जनच. आता निवडणूक घ्या. उत्तर काय मिळालं? शाफ्ट्सबरी, बकिंगहॅम, सॉल्झबरी आणि व्हार्टन या चौघांची रवानगी टॉवर ऑफ लंडनच्या तुरुंगात.

भाची : आणि २०१९ मध्ये त्याच लंडनमध्ये उत्तर वेगळं मिळालं. ब्रेक्झिटची मुदत तोंडावर होती. पंतप्रधान बोरिस जॉन्सन यांच्या सल्ल्यावरून राणीने २८ ऑगस्टला बॅल्मोरलमध्ये हुकूम काढला, संसद पाच आठवडे प्रोरोग. ९ सप्टेंबरची मध्यरात्र उलटून गेल्यावर समारंभ झाला. विरोधी खासदारांच्या हातांत आमचा आवाज दाबला असं लिहिलेले कागद, काहींनी तर सभापती बर्को यांना खुर्चीतून उठू न देण्याचा प्रयत्न केला. तरी तो सोपस्कार पार पडला. आणि २४ सप्टेंबरला सर्वोच्च न्यायालयाच्या अकराच्या अकरा न्यायाधीशांनी एकमताने ती प्रोरोगेशन बेकायदा आणि शून्यवत ठरवली. मुळात झालीच नाही, असं समजायचं!

मामा : झालीच नाही म्हणजे?

भाची : अक्षरशः. त्या रात्री त्याच समारंभात एका विधेयकाला राणीची संमती जाहीर झाली होती. संसदेच्या पडायला आलेल्या इमारतीच्या डागडुजीचं विधेयक. समारंभच शून्य ठरला म्हटल्यावर संमतीही गेली, आणि ८ ऑक्टोबरला ती नव्याने द्यावी लागली. आता माझा मुद्दा ऐका. हा निकाल देताना न्यायाधीशांनी लॅटिन शब्दकोश उघडला नाही. त्यांनी दोन गोष्टी तपासल्या. संसदेने कायदे करणं आणि सरकारला जाब विचारणं, या कामात यामुळे अडथळा येतो का? येत असेल, तर त्याला वाजवी कारण आहे का? कारण मिळालं नाही, हुकूम रद्द झाला. निकाल लागला तो तत्त्वावर, व्युत्पत्तीवर नव्हे.

मामा : अगं, पण तुझ्याच वाक्यात आलं की! सरकारला 'जाब विचारणं'. न्यायालयाने वाचवलं ते नेमकं विचारणंच.

भाची : तो योगायोग आहे.

मामा : असेल. पण फार बोलका योगायोग आहे.

भाची : बरं, आता लंडन सोडून घरी या. आपल्याकडे या अधिकाराचा एवढा बाऊ करण्याचं कारण नाही. पीठासीन अधिकारी बैठक तहकूब करतो, राष्ट्रपती किंवा राज्यपाल सत्रसमाप्ती करतात, आणि विसर्जन ही त्याहून वेगळी गोष्ट. राष्ट्रपतींसाठी अनुच्छेद ८५, राज्यपालांसाठी १७४. दोन सत्रांमध्ये सहा महिन्यांहून जास्त अंतर पडता कामा नये. ब्रिटनमध्ये प्रोरोगेशन झाली की अर्धवट विधेयकं सहसा बारगळतात. आपल्याकडे अनुच्छेद १०७ आणि १९६ प्रमाणे ती जिवंत राहतात. नागपूरचं हिवाळी अधिवेशन संपताना राज्यपालांचा आदेश वाचला जातो, राष्ट्रगीत होतं, सगळे आपापल्या गाड्या पकडतात. यात लोकशाहीचा गळा कुठे आवळला गेला?

मामा : रोज आवळला जातो असं मी म्हणत नाही.

भाची : उलट कधीकधी याच अधिकाराने सभागृहाचं दार उघडतं. पंजाब, मार्च १९६८. अर्थसंकल्प मंजूर व्हायचा होता आणि सभापतींनी सभागृह दोन महिन्यांसाठी तहकूब करून टाकलं. एकतीस मार्च उलटला असता तर राज्याला खर्चायला पैसा नाही. राज्यपालांनी सत्रसमाप्ती केली आणि त्याच महिन्यात सभागृह पुन्हा बोलावलं. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. पंजाब राज्य विरुद्ध सत्यपाल डांग हा तो खटला, आणि न्यायालयाने राज्यपालांची कृती वैध ठरवली. सभापतींच्या तहकुबीने जे बंद झालं होतं, ते या 'बंद करणाऱ्या' क्रियापदाने सुरू केलं. तुमच्या व्युत्पत्तीतून हे कळलं असतं का?

मामा : नसतं कळलं. पण त्या खटल्यातली एक गोष्ट तू गाळलीस. सत्रसमाप्ती आणि नवी बैठक यांच्या मधल्या दिवसांत राज्यपालांनी एक अध्यादेश काढला होता. बरोबर?

भाची : बरोबर. दोन्ही सभागृहांचं अधिवेशन चालू असेल तर अध्यादेश काढता येत नाही. सत्रसमाप्ती झाली की तो मार्ग मोकळा होतो.

मामा : आता माझा हुकमाचा पत्ता. पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेत डी. सी. वाधवा नावाचे संशोधक होते. बिहारमधल्या जमीनविषयक कायद्यांचा अभ्यास करताना त्यांना दिसलं, की राज्य चाललंय ते अध्यादेशांवर. त्यांनी राजपत्रं चाळून हिशेब मांडला. १९६७ ते १९८१ या काळात बिहारमध्ये २५६ अध्यादेश. अध्यादेशाला विधिमंडळ पुन्हा भरल्यापासून सहाच आठवड्यांचं आयुष्य. मग युक्ती काय? अधिवेशन भरवायचं, अध्यादेश सभागृहापुढे कायदा म्हणून आणायचाच नाही, आणि सत्रसमाप्ती झाली रे झाली की तोच अध्यादेश पुन्हा काढायचा. सत्र संपलं की सचिवालयातून खात्यांना पत्र जायचं, तुमचे अध्यादेश पुन्हा काढून घ्या! ऊसखरेदीचा एक अध्यादेश असा जवळपास चौदा वर्षं जगवला गेला.

भाची : वाधवांचा खटला आम्हाला पाठ असतो. १९८६ मध्ये पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने ही पद्धत म्हणजे संविधानाची फसवणूक आहे असं ठरवलं, आणि वाधवांना खर्चापोटी दहा हजार रुपये द्यायला सरकारला सांगितलं.

मामा : मग आता बघ. बिहारमध्ये प्रोरोगचा इंग्रजी अर्थ, म्हणजे सत्र संपवणं, हत्यार म्हणून वापरला, आणि त्यातून साधला लॅटिन अर्थ, म्हणजे अधिकाराची मुदत वाढवणं. फक्त 'लोकांना विचारून' एवढं गाळलं. चौदा वर्षांत सभागृहाला एकदाही विचारलं नाही, हा कायदा तुम्हाला मंजूर आहे का? रोममधला साधा मतदार पाटीवर 'ए' लिहून जुनं राहू दे म्हणू शकत होता. बिहारच्या आमदाराला ती पाटीच मिळाली नाही.

भाची : हे उदाहरण मला मान्य करावंच लागेल. पण त्यातून मी वेगळा धडा घेते. वाधवांनी हे पकडलं ते राजपत्रांच्या ढिगाऱ्यात बसून, तारखांशी तारखा जुळवून. 'रोगारे'चा अर्थ त्यांना ठाऊक असो वा नसो, त्याने काही अडलं नसतं. शब्दाचं मूळ जाणून अधिकाराचा गैरवापर थांबत नाही. त्यासाठी कलमं लागतात, पुरावे लागतात आणि न्यायालयात जायची चिकाटी लागते.

मामा : आणि कलमं हातात असूनही, पुरावे राजपत्रात छापलेले असूनही, इतकी वर्षं कुणाला काही खटकलं नाही, ते का? कारण शब्द तांत्रिक झाला. 'सत्रसमाप्ती झाली' म्हटलं की वाचणारा पान उलटतो. शब्दाचं मूळ ठाऊक असेल तर निदान एक प्रश्न मनात येतो, की हे करताना विचारलं कुणाला?

भाची : प्रश्न म्हणून चालेल. पुरावा म्हणून नाही. न्यायालयात उभी राहून मी 'युअर लॉर्डशिप, लॅटिनमध्ये याचा अर्थ विचारणं असा आहे' म्हणाले, तर न्यायमूर्ती हसतील आणि पुढचं प्रकरण पुकारतील.

मामा : न्यायालयात नको म्हणूस. वृत्तपत्र वाचताना तरी म्हण.

वाद इथे थांबला. आता निवाडा. अर्थाच्या बाबतीत भाचीचं म्हणणं निःसंशय खरं आहे. लॅटिनमध्ये एखाद्या शब्दाचा काय अर्थ होता यावरून आजच्या राज्यपालाला काय करता येतं हे ठरत नाही. ते अनुच्छेद १७४ ठरवतो, आणि त्या अधिकाराचा वापर योग्य झाला की नाही हे न्यायालय. शब्दाचं मूळ शोधून त्याचा आजचा अर्थ चूक ठरवणारा माणूस 'शिक्षा' शब्दालाही फाशी देईल. पण मामांनी जी गोष्ट हाती दिली तीही टाकून देण्यासारखी नाही. शाफ्ट्सबरी, जॉन्सन आणि बिहार या तिन्ही प्रकरणांत अधिकार कागदावर होताच. वाद पेटला तो सभागृहाला टाळून तो वापरला म्हणून. पंजाबात राज्यपालांनी सत्र संपवलं ते सभागृहाला अर्थसंकल्पावर लवकर विचारता यावं म्हणून, आणि तिथे न्यायालयाने आडकाठी केली नाही. न्यायालयांचे तिन्ही निकाल एकाच कसोटीवर नीट उलगडतात, आणि ती कसोटी जुन्या 'रोगारे'ची आहे.

म्हणून वाचकांना एकच विनंती. यापुढे 'अधिवेशन संस्थगित' अशी चौकटीतली बातमी दिसली की आणखी दोन गोष्टी शोधाव्यात : पुढची बैठक कोणत्या तारखेला आहे, आणि तोवर कोणते अध्यादेश निघाले. राजपत्र सर्वांना खुलं असतं.